उभे कथानक, आडवे शहर

हिंदी वेब मालिकांविषयी मराठीत जे लिहिले-बोलले जाते, ते बहुतांशी शिव्या, रक्तपात, शय्यादृश्ये आणि त्यांवर नियंत्रण असावे की नसावे, ह्या प्रश्नांभोवती फिरते. हा वाद नैतिक आहे आणि आपल्या जागी तो रास्तही असेल. परंतु त्यातून ह्या कथनप्रकाराचे स्वरूप उलगडत नाही. आठ ते दहा तासांचा सलग अवकाश, त्याचे भागांत केलेले विभाजन आणि शेवट आधीच ठरलेला असण्याची शक्यता, ह्या तीन गोष्टी वेब मालिकेला चित्रपटापासून तशाच दूरदर्शनवरील अखंड चालणाऱ्या मालिकेपासूनही वेगळे करतात आणि कादंबरीच्या जवळ नेऊन ठेवतात. कादंबरीला समीक्षा जे प्रश्न विचारते तेच मग इथेही विचारले पाहिजेत. निवेदक कोण आहे? काळ कोणाचा मोजला जातो? आणि शहराकडे पाहताना कथन नेमके कोठे उभे असते?

ह्या प्रकाराचा इतिहास अल्प आहे. २०१४ साली 'पर्मनंट रूममेट्स' आली तेव्हा ती संगणकावर पाहणाऱ्या तरुणांपुरती होती. २०१६ च्या जानेवारीत नेटफ्लिक्स आणि डिसेंबरात प्राइम व्हिडिओ भारतात आले. त्याच वर्षी सप्टेंबरात जिओची सेवा सुरू होऊन मोबाईलवरचा डेटा स्वस्त झाला आणि मालिका घराबाहेर पडून खिशात आली. २०१८ साली 'सेक्रेड गेम्स' आणि 'मिर्झापूर' आल्यानंतर हिंदी वेब मालिकेची एक ओळखीची मुद्रा घडली. ती मुद्रा गुन्ह्याची होती.

खिशातली ही मालिका ज्या ठिकाणी सर्वाधिक निष्ठेने पाहिली जाते, त्यांत विरार ते चर्चगेट हा साठ किलोमीटरचा लोहमार्ग धरावा लागेल. नालासोपाऱ्यात राहणारा आणि फोर्टातल्या एका कचेरीत हिशेबाचे काम करणारा, पन्नाशी ओलांडलेला एक प्रेक्षक ह्या संदर्भात विचारात घेण्याजोगा आहे. बसायला जागा मिळावी म्हणून तो सकाळी आधी उलट दिशेने विरारला जातो आणि तीच गाडी पकडून दक्षिणेकडे निघतो. बोरिवलीपर्यंत मान वर करण्याची सोय उरत नाही. ती मोबाईलवर खिळवणे हाच सर्वांत कमी त्रासाचा मार्ग असतो. दादर येईतो एक भाग संपतो, चर्चगेटपर्यंत दुसरा अर्धा होतो. पूर्वी ह्याच वेळेत तो ग्रंथालयाची कादंबरी वाचत असे. वाचनाची जागा पाहण्याने घेतली म्हणून तो खंत करत नाही. त्याची तक्रार वेगळी आहे. ज्या काळाची गोष्ट सांगितली जात आहे तो काळ त्याचाही होता. पण त्या गोष्टीत त्याला स्वतःचे काहीच सापडत नाही.

ही तक्रार तपासून पाहण्यास 'सेक्रेड गेम्स' सोयीची आहे. विक्रम चंद्रा यांच्या २००६ सालच्या कादंबरीवर आधारलेली आणि विक्रमादित्य मोटवाने व अनुराग कश्यप यांनी दिग्दर्शित केलेली ही आठ भागांची पहिली मालिका निवेदनाच्या दृष्टीने धीट आहे. गणेश गायतोंडे पहिल्याच भागात स्वतःला गोळी घालून घेतो आणि तरीही उरलेले सर्व भाग तोच कथा सांगत राहतो. निवेदक मृत असल्यामुळे त्याची उलटतपासणी होऊ शकत नाही. त्याने स्वतःचे जे दैवतीकरण मांडले आहे ते पोलीस अधिकारी सरताज सिंगला आणि त्याच्याबरोबर प्रेक्षकाला निमूट ऐकून घ्यावे लागते. भागांना 'अश्वत्थामा', 'हलाहल', 'ययाती' अशी पुराणातली नावे देऊन मालिकेने ह्या दैवतीकरणाला आपलीही संमती दिली आहे. मुंबईचा १९८० आणि १९९० च्या दशकांचा इतिहास, म्हणजे जमिनीचे व्यवहार, निवडणुका, बाबरीनंतरच्या दंगली, असा सगळा एका माणसाच्या चढत्या आणि मग कोसळत्या रेषेवर ओवला जातो. कचऱ्याच्या डोंगरावर ताबा मिळवून गायतोंडे आपले राज्य उभारतो, हे दृश्य ह्या कथनाच्या दिशेचे नेमके चिन्ह म्हणता येईल. दिशा खालून वर आहे.

ही उभी दिशा केवळ ह्याच मालिकेची नाही. हंसल मेहतांच्या 'स्कॅम १९९२' मध्ये (२०२०) घाटकोपरच्या चाळीतून वरळीच्या समुद्रासमोरील घरापर्यंतची चढण आहे आणि तिथून तुरुंगापर्यंतची घसरण आहे. ही गोष्ट एका महिला पत्रकाराच्या शोधाच्या चौकटीत बसवलेली असली, तरी प्रेक्षकाच्या श्वासाची लय दलालाच्या चढणीशी बांधलेली राहते. 'मिर्झापूर'मध्ये तर गादी हाच विषय आहे. २०२० सालच्याच 'पाताल लोक'ने स्वर्ग, धरती आणि पाताळ अशी तीन मजल्यांची रचना उघडपणे सांगून टाकली. समाज म्हणजे एक इमारत आणि कथा म्हणजे तिच्यातील जिना, असा हा सामायिक व्यूह आहे. त्यात एक शीघ्र सोय आहे. चढण्याला आरंभ असतो, पडण्याला अंत असतो आणि प्रत्येक पायरीवर एक भाग संपवता येतो.

आता त्या प्रेक्षकाची वर्षे पाहावीत. त्याचे वडील लालबागच्या एका गिरणीत साचाखात्यात होते. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला तेव्हा तो शाळेत होता. हा संप औपचारिकरीत्या कधीच मागे घेतला गेला नाही. कथनमीमांसेच्या दृष्टीने ही बाब लहान नाही. ज्या घटनेला शेवटची तारीख नाही तिचे कथानक कोठे संपवायचे? वडील आधी गावी गेले, मग परतले, मग एका सोसायटीत पहारेकरी झाले. १९८९ साली पागडीची खोली गेली आणि कुटुंब नालासोपाऱ्यात आले. ह्या हकिकतीत चढण नाही आणि सिनेमाने दाखवण्याजोगी पडझडही नाही. तिच्यात एक सरकणे आहे. लालबागहून माणसे रुळांच्या कडेने उत्तरेकडे सरकत गेली. कोणी बोरिवलीला थांबले, कोणी भाईंदरला, कोणी वसईच्या खाडीपलीकडे. हे आडवे विस्थापन हजारो घरांचे आहे आणि वसई-विरारची आजची वस्ती मोठ्या प्रमाणात त्यातूनच घडलेली आहे. गायतोंडेच्या कथनात ही घरे दंगलीच्या दृश्यातली गर्दी म्हणून येतात. गर्दीला निवेदन नसते.

हे अपरिहार्य होते काय? क्रमशः कथनाचा मराठीतला आरंभ पाहिला तर तसे दिसत नाही. हरि नारायण आपटे यांनी १८९० साली सुरू केलेल्या 'करमणूक' साप्ताहिकातून 'पण लक्षात कोण घेतो?' ही कादंबरी वाचकांच्या हाती भागाभागाने आली. तिची निवेदक यमू आहे. घराच्या आत वाढलेली, माजघरापलीकडचे जग जिला तुकड्यांनीच दिसते अशी ही मुलगी आठवड्यामागून आठवडे बोलत राहिली आणि वाचक थांबून राहिले. त्या थांबण्यात खून किंवा गादी नव्हती. एका मुलीचे पुढे काय होणार, एवढीच उत्कंठा होती. भाग संपवण्याचे तंत्र आणि निवेदनाचा अधिकार दुर्बलाला देणे, ह्या दोन गोष्टी परस्परविरोधी नाहीत, हे ह्या एका उदाहरणाने सिद्ध होते. तेव्हा वाचकाला आठवडा मिळत असे आणि त्या आठवड्यात गोष्ट ओसरीवर, पाणवठ्यावर चर्चिली जाई. आज सर्व भाग एका रात्रीत खुले होतात आणि पुढचा भाग पाच-दहा सेकंदांत आपोआप सुरू होतो. म्हणून उत्कंठेला चर्चेचा अवकाश मिळत नाही आणि तिला अधिक तीव्र मात्रेची गरज लागते. हा फरक बाजाराचा आहे. कथनाच्या जन्मजात गुणधर्माचा नाही.

गिरणगावाविषयीही मराठीत वेगळे कथन झालेले आहे. जयंत पवार यांच्या 'अधांतर' ह्या नाटकात एक मुलगा टोळीकडे जातो. परंतु तो एका घराचा मुलगा म्हणून रंगमंचावर असतो. घर हे मध्य आहे, आई ही त्या मध्याचा कणा आहे आणि टोळी ही घराला लागलेल्या अनेक गळत्यांपैकी एक गळती आहे. वेब मालिकेने हे प्रमाण उलटे केले. तिथे टोळी हा मध्य झाला आणि घर हे गुन्हेगाराच्या चरित्रातले स्पष्टीकरणापुरते तळटीपवजा प्रकरण. वास्तव तेच, दशक तेच. बदलली ती निवेदकाची जागा, आणि तिच्याबरोबर सहानुभूतीची दिशाही बदलली.

हिंदीलाही आडवे कथन अपरिचित नाही. १९८६ साली कुंदन शाह आणि सईद मिर्झा यांनी दूरदर्शनसाठी केलेल्या 'नुक्कड'मध्ये रस्त्याचा एक कोपराच नायक होता. अलीकडे ह्या परंपरेशी नाते सांगणारी एक सौम्य धारा वेब मालिकांतही आहे. 'गुल्लक' (२०१९) मध्ये मिश्रा कुटुंबाच्या घरातले मातीचे भांडे निवेदन करते आणि आपण सांगतो ते किस्से आहेत, मोठी कहाणी नव्हे, असे बजावते. निवेदकाचे पोट चिल्लरीचे आहे, म्हणून त्याची नजरही चिल्लर गोष्टींवर जाते. वीजबिल, शेजारीण, नोकरीची परीक्षा, बापाची पडती प्रकृती ह्यांत त्याला पुरेसा ऐवज सापडतो. 'पंचायत' (२०२०) मध्ये फुलेरा गावात सचिव म्हणून आलेला शहरी तरुण सतत परीक्षेचा अभ्यास करत निघून जाण्याचा विचार करतो आणि गाव त्याला हळूहळू धरून ठेवते. ह्या दोन्ही मालिका गुन्ह्याच्या कुबडीशिवाय चालू लागल्या आणि प्रेक्षकांनी त्यांना प्रेम दिले. नालासोपाऱ्याच्या त्या घरात तीन पिढ्यांनी एकत्र बसून पाहिलेली पहिली वेब मालिका 'गुल्लक' होती, हेही लक्षणीय आहे.

तथापि ह्या धारेचीही एक मर्यादा आहे. तिच्यातली जागा स्थिर असते. मिश्रांचे घर हलत नाही. फुलेऱ्यातली पाण्याची टाकी जिथल्या तिथे उभी असते. माणसे येतात-जातात, जागा टिकते आणि त्या टिकण्यावरच तिची ऊब अवलंबून असते. म्हणजे हिंदी वेब मालिकेसमोर दोन प्रतिमा आहेत. एक वर-खाली होणारे महानगर आणि दुसरी न हलणारा कसबा. ह्या दोहोंच्या मध्ये जे शहर आहे, जिथे जागाच हलते, त्याला ठळक मालिकांत अद्याप स्थान मिळालेले नाही.

वसई-विरार हे असे शहर आहे. येथील नालासोपारा म्हणजे प्राचीन शूर्पारक. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी १८८२ साली येथील स्तूपाचे उत्खनन केले आणि अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा इथेच मिळाला. पश्चिमेकडच्या वाड्यांतून सामवेदी ख्रिस्ती आणि ब्राह्मण ह्यांची कादोडी, वाडवळांची वाडवळी, कोळ्यांची बोली अशा भाषा नांदत आल्या. १९८० च्या दशकाच्या अखेरीस हरित पट्टा बांधकामासाठी खुला होऊ लागला तेव्हा विहिरींतील पाणी टँकरने उपसले जाण्याविरुद्ध आणि बांधकाम व्यवसायातील दहशतीविरुद्ध हरित वसई संरक्षण समिती उभी राहिली. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्यासारखा मराठी लेखक तिच्या अग्रभागी होता. त्याच सुमारास लालबाग-परळमधून विस्थापित झालेली कुटुंबे त्याच बांधकामांत निवारा शोधत येत होती. ज्याची विहीर आटत होती आणि ज्याला त्या पाण्याची बादली हवी होती, ते दोघेही निरपराध होते. ह्या द्वंद्वात खलनायक आहेच. पण कथेचा गाभा त्या दोन निरपराधांच्या समोरासमोर येण्यात आहे. २००९ साली महानगरपालिका झाली, २०१४ साली पालघर जिल्हा झाला. २०११ च्या जनगणनेत महापालिका क्षेत्राची लोकसंख्या बारा लाखांवर गेलेली होती. एवढ्या लोकसंख्येचे हिंदी करमणुकीतले प्रसिद्ध बोधचिन्ह म्हणजे 'विरारचा छोकरा' हे गोविंदाचे बिरुद. त्यातही विरार हे जिथून निघून जायचे ते ठिकाण आहे.

उपरोधाची बाब अशी की चित्रीकरण येथे होतेच. नायगाव आणि कामण परिसरात हिंदी मालिकांचे मंच उभे राहतात. तिथे कुठल्यातरी हवेलीचे आणि राजवाड्याचे दिवाणखाने प्लायवूडमध्ये तयार होतात. वसईचा किल्ला गीतांच्या पार्श्वभूमीला वापरला जातो. कोल्डप्लेच्या २०१६ सालच्या एका चित्रफितीतही तो दिसतो. प्रदेश दिसतो, परंतु स्वतःच्या नावाने बोलत नाही. 'सेक्रेड गेम्स' प्रसिद्ध झाली ६ जुलै २०१८ रोजी. पंचवीस दिवसांत मुंबई वाचवायची, असा तिचा पेच होता. त्यानंतर चारच दिवसांनी नालासोपाऱ्याच्या रुळांवर पाणी चढून विरारकडची रेल्वे ठप्प झाली. ह्या संकटाला पंचवीस दिवसांची मुदत नसते. ते दर पावसाळ्याला दार ठोठावू शकते आणि म्हणूनच ते कथानकात बसत नाही.

त्या प्रेक्षकाची मुलगी पटकथा लिहिते. तिने आठ भागांची एक रूपरेषा तयार केली. लालबागची खोली, संप, नालासोपाऱ्यातील पहिली इमारत, टँकरच्या रांगेत शेजारच्या वाडीतल्या बाईशी झालेले भांडण आणि त्यातून जमलेली दीर्घकाळची मैत्री. अंधेरीतील एका निर्मितीसंस्थेत ती वाचली गेली. वाचणाऱ्या तरुणाने सौजन्याने एकच प्रश्न विचारला, "खून कितव्या भागात आहे?" घरी आल्यावर तिने तो प्रश्न वडिलांना सांगितला आणि विचारले, "बाबा, घालू का एक? टँकरवाला मारता येईल." वडील म्हणाले, "टँकरवाला आपल्याला उधारीवर पाणी द्यायचा. त्याला कशाला मारतेस?"

ह्या उत्तरात एक पूर्ण साहित्यविचार आहे. परंतु त्यावर विसंबून संस्थेला दोषी ठरवणे सोपे होईल. कारण गुन्हा हा केवळ बाजाराचा हट्ट नाही. 'पाताल लोक'मधल्या हाथीराम चौधरीचा तपास चार आरोपींच्या मागे दिल्लीहून चित्रकूट आणि पंजाबपर्यंत जातो आणि प्रत्येक आरोपीमागचे गाव, जात, अपमान उघडे पडत जातात. उभ्या रचनेची घोषणा करणारी ही मालिका तपासाच्या वाटेने आडवी होते आणि तिथेच ती सर्वांत श्रेष्ठ ठरते. २०१९ सालच्या 'दिल्ली क्राइम'मध्येही गुन्हेगाराचे चरित्र नव्हे, तर तपास करणाऱ्यांची थकलेली, अपुऱ्या साधनांनिशी चालणारी पायपीट हाच आशय आहे. ह्यावरून एक भेद करता येतो. ह्या कथनप्रकाराला खुनाची गरज नाही, शोधाची गरज आहे. खून हे शोध सुरू करण्याचे सर्वांत स्वस्त निमित्त आहे, एवढेच.

मुलीच्या ध्यानात हे आले ते घरातल्याच एका प्रश्नामुळे. खोली का विकली? वडिलांच्या समजुतीप्रमाणे संपात झालेले कर्ज फेडण्यासाठी. त्यांच्या धाकट्या भावाच्या मते आजोबांनी एका दलालाच्या भूलथापांना बळी पडून. आजी मात्र मालवणीत ठाम सांगते, "तुझ्या आत्याच्या लग्नाक इकली. बाकीचे कायय सांगतत." आजोबा गेले, कागद सापडत नाही. एकाच व्यवहाराच्या ह्या तीन हकिकतींमध्ये प्रत्येकाने स्वतःला वाचवले आहे आणि दुसऱ्याला थोडे दोषी ठरवले आहे. आत्याला आजवर कोणी विचारलेले नाही. आपल्या लग्नापायी घराला मुंबई सोडावी लागली, हे ती मनात धरून आहे की तिला ते ठाऊकच नाही, हा ह्या गोष्टीतला खरा गुपित धागा आहे. मुलीने नव्याने लिहिलेल्या रूपरेषेत पहिला भाग वडिलांचा आहे, दुसरा काकांचा, तिसरा आजीचा आणि आत्या शेवटच्या भागापर्यंत बोलत नाही. मृत आजोबांना तिने निवेदन दिलेले नाही.

ही मालिका होईल की नाही, हे ठरवणारे घटक वाङ्मयाबाहेरचे आहेत. समीक्षेचा संबंध त्यापूर्वीच्या प्रश्नाशी आहे. ज्या शहराची वर्षे फक्त चढलेल्यांच्या आणि पडलेल्यांच्या तोंडून सांगितली जातात, त्या शहरातल्या सरकलेल्या माणसांना हळूहळू आपले आयुष्य घटनाशून्य वाटू लागते. आपल्यावर काही ओढवले होते, ते कोणीतरी ओढवून आणले होते आणि त्यातून आपण काही उभे केले, ही जाणीवच विरते. कथनाचा अभाव हा अशा वेळी करमणुकीतला अभाव राहत नाही. तो स्मृतीतला अभाव होतो. हिंदी वेब मालिकेपाशी आठ तासांचा अवकाश आहे, बोलींना सामावून घेण्याचे धैर्य तिने मिर्झापुरापासून फुलेऱ्यापर्यंत दाखवले आहे आणि तपासाची शिस्तही तिने कमावली आहे. ह्या सामग्रीचा उपयोग एका विकल्या गेलेल्या खोलीसाठी ती करते की नाही, ह्यावर तिचे कादंबरीशी असलेले नाते ठरेल. तोवर विरारहून सुटणाऱ्या गाडीत माणसे माना खाली घालून दुसऱ्यांच्या उदयास्ताच्या कथा पाहत राहतील, आणि आत्याला तो प्रश्न विचारायचा राहूनच जाईल.